वेब्रिज फाइव्ह, येणे बाकी

बहात्तर सालची उधारीची वही, पान एकसष्ट:
इनास बार्रेट. फ्यूजची तार. सव्वा रुपया.
खाली वडिलांच्या बारीक अक्षरात,
'पुढच्या लग्नानंतर देतो म्हणतो.'

त्यांच्याबद्दल लिहिलेलं
एवढंच सापडतं.

कुडचड्यात तेव्हा वीज आली होती,
म्हणजे खांब आले होते.
संध्याकाळी खाणीवरचा क्रशर सुरू झाला
की आमच्या दुकानातला बल्ब
पिकल्या ओटांबासारखा पिवळा पडायचा
आणि मागच्या गोदामात, नारळांच्या पोत्यांमध्ये,
कोंसेसांवचा ऑर्गन
सगळ्यांदेखत अर्धा सूर खाली घसरायचा.

झेफेरीन चिडायचा.
ट्रकच्या क्लच-केबलमधून एकेक धागा उसवून
त्याने बेसला तारा चढवल्या होत्या,
बोटं सोलवटून,
आणि त्या कुठे सुरात लागतायत
तोवर हे.
शाणू वेळीप काठ्या खाली ठेवून विडी पेटवायचा.
वाट बघायची, दुसरं काय.

एका गुरुवारी इनास थांबला नाही.
चर्चच्या शाळेत मेस्त्रीच्या छड्या खाऊन
सोल्फेज शिकलेला इनास!
ऑर्गन घसरला तशी त्याने गिटारची खुंटी सैल सोडली
आणि तिच्या मागोमाग उतरला,
विहिरीच्या पायऱ्या उतरावा तसा.
झेफेरीन शिवी देत देत उतरला.
शाणूने विडी भिंतीवर विझवली.
'परत,' म्हणाला.
पण क्रशर काय आमच्या हातात होता?

नाव वेब्रिज फाइव्ह,
कारण गोदामाच्या मागे ट्रक वजन करायचा काटा.
चौघेच तर आहात, मी म्हटलं.
मी तेव्हा बारा वर्षांचा, मोजण्यात पक्का.
इनासने खिडकीतून विजेच्या खांबाकडे बोट केलं.
'तो पांचवो.'

सांग्याच्या लग्नात तिसरी ओळ घसरली
तेव्हा नवरीचा मामा उठून ओरडला,
ह्यांची हवा गेली काय रे?
अर्धे पैसे मिळाले, जेवण नाही.
खनिजाच्या रिकाम्या ट्रकमधून रात्री परतले.
ड्रमचं कातडं तांबडं झालं
ते तसंच राहिलं.

मग वास्कोचा खलाशांचा क्लब,
बंदराचा जनरेटर, करंट दगडासारखा स्थिर.
ऑर्गन घसरेचना.
तिसरी ओळ जवळ आली,
तिघे उतरायला लागले
आणि कोंसेसांवने, डोळे मिटून,
स्विच बंद केला, चालू केला.
मरता मरता सूर वाकला, परत उभा राहिला.
एका जहाजाच्या वायरलेस ऑफिसरने
ते सगळं स्पूलवर घेतलं.
सात गाणी. चौथ्यात एक ग्लास फुटतो.

पुढच्या मे महिन्यात इनास तारवटी झाला.
शाणू टिपरवर, कोंसेसांव कुवेतला नर्स.
झेफेरीनचं मला ठाऊक नाही.
स्पूलची नक्कल झाली, नकलेची नक्कल,
मुंबईचं कुठलंसं हॉस्टेल, पुणे, बंगळूर.
दर नकलेत खरखर वाढली, नावं गळाली,
घसरण तेवढी पोचली.

गेल्या डिसेंबरात पणजीला, मळ्यातल्या एका कॅफेत,
विशीतली एक मुलगी कीबोर्डवर.
तिसरी ओळ. तिचा हात खाली गेला.
मी सवयीने वर बघितलं.
बल्ब लख्ख. इन्व्हर्टरचा हिरवा डोळा शांत.
हे कुठून शिकलीस, मी विचारलं.
'असंच असतं, अंकल. सगळेच करतात.'

मला क्रशर म्हणायचं होतं.
चहाचे पैसे दिले.

घरी वही काढली, कोपरा वाळवीने नेलेला.
सव्वा रुपयावर काट मारावी म्हणून पेन उघडलं
आणि तसंच धरून बसलो.
वडील असते तर चष्मा कपाळावर सारून
म्हणाले असते,
खांबाच्या खात्यावर टाक.